ती किती वेळ गात होती?

काही वर्षांपूर्वी मी एक कादंबरी लिहायला घेतली होती. कल्पित दुनिया, कल्पित राज्य आणि त्यात जादू. पण नुसते मंत्रतंत्र नकोत, जादूमागे काहीतरी शास्त्र हवं, असा माझा तेव्हा हट्ट होता. म्हणून मी अनुनादाला, म्हणजे सूर जुळला की वस्तू आपोआप थरथरू लागण्याच्या गुणाला, हात घातला. प्रत्येक वस्तूचा स्वतःचा एक सूर असतो, आणि तो ज्याला सापडला त्याला ती वस्तू वश होते, असा सिद्धांत रचला. तिसऱ्या प्रकरणात एक मुलगी किल्ल्याच्या पोलादी दरवाजासमोर उभी राहते, डोळे मिटते, सूर लावते आणि दरवाजाच्या ठिकऱ्या उडतात. ते पान लिहून झालं तेव्हा मी स्वतःवरच खूश होतो.

हस्तलिखित एका मित्राला दिलं. त्याची हयात पदार्थविज्ञान शिकवण्यात गेलेली. त्याने प्रकरण वाचलं, कागद मांडीवर ठेवले आणि विचारलं, "ती किती वेळ गात होती?"

"म्हणजे?"

"म्हणजे एक श्वासभर की तासभर? आणि दरवाजा फुटला तर शेजारची कमान कशी शाबूत राहिली? आणि हे बघ, प्रत्येक गोष्टीला सूर असेल तर राजाच्या काळजालाही असणार. मग ही पोरगी घरबसल्या राजालाच का नाही मारत? एवढी पायपीट कशाला केली तिने?"

माझ्याकडे एकाही प्रश्नाचं उत्तर नव्हतं. कादंबरी कपाटात गेली. पण ते प्रश्न मात्र माझ्या मागे लागले, आणि आज हा लेख लिहितोय तो त्यांच्याच जोरावर.

कल्पित साहित्यातल्या जादूला विज्ञानाची भाषा द्यावी की नाही, हा वाद वाचकांमध्ये अधूनमधून पेटत असतो. एक पक्ष म्हणतो, जादूचं स्पष्टीकरण देणं म्हणजे फुलपाखराला टाचणी लावणं. दुसरा म्हणतो, नियम नसतील तर कथेत काहीही होऊ शकतं, आणि काहीही होऊ शकत असेल तर वाचकाने धडधडत्या काळजाने पान उलटायचं कशासाठी? मी मनाने दुसऱ्या पक्षाचा. तरी माझी खरी तक्रार याच पक्षातल्या लेखकांविषयी आहे, आणि त्यात मीही आलो. आम्ही विज्ञानाकडून शब्द उसने आणतो आणि त्या शब्दांना चिकटून आलेली बंधनं उंबऱ्याबाहेर ठेवतो. अनुनादाचं तर फार वाईट होतं, कारण तो शब्द मुळातच गोड आहे. शिवाय आपली भाषा त्याला आधीपासून फितूर आहे. सूर जुळले, तारा छेडल्या गेल्या, मन झंकारून उठलं, हे आपण इतक्या सहज बोलतो की 'त्या दोघांचा अनुनाद झाला आणि पर्वत हलला' हे वाक्य वाचकाला न अडखळता पचतं.

आता खरा अनुनाद काय चीज आहे ते जरा जवळून पाहू. शाळेच्या प्रयोगशाळेत सोनोमीटर नावाची एक लांबट लाकडी पेटी असते. तिच्यावर तार ताणलेली, आणि तारेवर मधोमध कागदाचा घडी घातलेला चिमुकला तुकडा, घोड्यावर बसलेल्या स्वारासारखा. नादकाटा, म्हणजे ठोकला की एकच सूर देणारा धातूचा दुहेरी काटा, वाजवून त्याचा दांडा पेटीवर टेकवायचा. तारेची लांबी जुळलेली नसेल तर कागद ढिम्म. खालची पाचर केसभर सरकवायची, पुन्हा काटा टेकवायचा. पुन्हा ढिम्म. असं वीसेक वेळा झाल्यावर एका जागी तो कागद आधी नुसता थरथरतो आणि मग टुणकन उडून खाली पडतो. तारेला कुणी बोटही लावलेलं नसतं. त्या क्षणी वर्गात जो 'ओऽ' उठतो, त्यात आणि जादूचा खेळ बघणाऱ्यांच्या 'ओऽ'मध्ये मला आजतागायत फरक करता आलेला नाही.

पण त्या प्रयोगातलं सगळं शहाणपण त्या वीस फसलेल्या खेपांमध्ये आहे. जुळलं नाही तर काही होत नाही, हा अनुनादाचा पहिला नियम. दुसरा जास्त महत्त्वाचा: अनुनाद शक्ती निर्माण करत नाही, फक्त साठवतो. गॅलिलिओने १६३८ साली आपल्या ग्रंथात एका अवजड घंटेचं उदाहरण दिलं आहे. एकटा माणूस नेमक्या वेळी दोर ओढत राहिला तर ती घंटा इतकी झुलते, की मग तिला थांबवायला चार-सहा जण दोराला लोंबकळले तरी तेच जमिनीवरून उचलले जातात. ही ताकद कुठून आली? त्या एकट्या माणसाच्याच दंडातून आली, पण दमादमाने. प्रत्येक ओढीतलं थोडं घंटेत जमा झालं, थोडं घर्षणात आणि हवेत गेलं. जेवढं घालतोय तेवढंच प्रत्येक झोक्याला वाया जाऊ लागलं की वाढ थांबते. झोपाळ्यावर बसलेल्या मुलाला ढकलणाऱ्या कुठल्याही माणसाला हा हिशेब पाठ असतो, सूत्र माहीत नसलं तरी.

म्हणजे मित्राचा पहिला प्रश्न खवचट नव्हता. अनुनादाने दरवाजा फोडायचा तर वेळ लागणारच, आणि कमी-जास्त किती लागणार हे दरवाजाच्या स्वभावावर ठरणार. टोला दिल्यावर जी वस्तू बराच काळ घुमत राहते, तिच्यात ऊर्जा भरपूर साठते. पण ती भरायलाही तितकाच वेळ लागतो, आणि सूर अगदी तंतोतंत जुळावा लागतो. ओल्या मातीचा गोळा मात्र कुठल्याही सुराला थोडासा हलतो आणि कुठल्याच सुराला फुटत नाही.

हे लक्षात आल्यावर माझ्या फसलेल्या सिद्धांतात अचानक जीव आला. मी तो कपाटातून काढला आणि या वेळी बंधनांसकट मांडून पाहिला.

समजा अशी एक दुनिया आहे, जिथे माणसाच्या मनातून सूर उमटतो आणि तो थेट वस्तूत उतरतो. एवढी एकच थाप मारायची. एक थाप माफ असते, ती तर कल्पित साहित्याची प्रवेश फी आहे. बाकी सगळं खऱ्या अनुनादाच्या कायद्याने चालवायचं. मग काय होतं? पहिली गंमत अशी, की त्या दुनियेत पोलादी दरवाजा धोकादायक ठरतो आणि मातीची भिंत सुरक्षित. राजवाडा घंटेसारखा घुमणारा, म्हणून सगळ्यांत कमकुवत. कुडाच्या झोपडीला कुणी जादूगार हात लावू शकत नाही. तिथले शहाणे राजे दरवाजांना रत्नं जडवणार नाहीत, आतून जाड नमद्याचे थर ठोकून घेतील. वेढा पडला की शिपाई भाले घेऊन तटावर जाण्याऐवजी दरवाजाला पाठ लावून ओळीने बसतील, कारण माणसाचं मऊ शरीर कंपन पिऊन टाकतं. काय चित्र आहे! शंभर शिपाई घाम गाळत, निव्वळ टेकून, राज्य वाचवताहेत.

मित्राच्या राजावरच्या प्रश्नालाही उत्तर मिळालं. काळीज फोडता येत नाही, कारण देह हा मातीचाच गोळा आहे: ओलसर, मऊ, सगळी थरथर जिरवून टाकणारा. या दुनियेत जादूने किल्ला पडू शकतो, माणूस पडू शकत नाही. या एका 'नाही'मुळे कथेचा अख्खा नकाशा बदलला. राजाला मारायला पुन्हा सुरी लागते, सुरी चालवणारा हात लागतो, आणि हात म्हटला की फितुरी, भीती, पश्चात्ताप हे सगळं माणसाळलेलं सामान परत येतं.

पुढे दुसरी गोष्ट. वस्तूचा सूर कळल्याशिवाय काही करता येत नसेल, तर तो सूर हेच त्या दुनियेतलं सगळ्यांत मोठं गुपित. दुसऱ्याच्या दारावर टिचकी मारून कान लावणं हा तिथे गुन्हा असणार. कुंभार मडकं वाजवून घेतो तसं भिंती वाजवत हिंडणारे हेर असणार. आणि तडा गेलेलं मडकं बद्द वाजतं हे आपल्याला माहीत आहेच. तडा गेला की वस्तूचा ताठपणा घटतो आणि तिचा सूर उतरतो. याचा अर्थ नीट पाहा. मुलगी गातेय, दरवाजा थरारतोय, शेवटी पहिली चीर पडते, आणि नेमक्या त्याच क्षणी दरवाजाचा सूर बदलतो. तिचं गाणं बेसूर ठरतं. यश दिसू लागलं की विद्या हातातून निसटते. त्या उतरत्या सुराचा पाठलाग जिला जमतो ती गुरू, बाकीच्या सगळ्या शिष्या. हे मी कल्पनेने रचलं असतं तर स्वतःची पाठ थोपटली असती. पण हे पदार्थविज्ञानाने आयतं हातात ठेवलं.

अजून एक, आणि हे मला सर्वांत जास्त आवडतं. आडव्या ताणलेल्या एकाच दोरीला दोन सारखे लंबक टांगा आणि एकालाच झोका द्या. थोड्या वेळाने पहिला मंदावत जातो आणि दुसरा, कुणी हात न लावता, झुलू लागतो. पहिला पुरता थांबतो. आणि मग सगळं उलटं सुरू होतं: दुसऱ्यातली गती पहिल्याकडे परत येते. दोघांतला दुवा जितका क्षीण, तितकी ही देवाणघेवाण संथ. आता या दुनियेतल्या वैद्याची कल्पना करा. मनाचा सूर मनात उतरतो असं धरलं, तर तो खचलेल्या माणसाशी सूर जुळवून आपली उमेद त्याला देतो. रोगी उठून बसतो. वैद्य रिकामा होतो. पण दुवा वेळेत तोडला नाही तर दिलेलं सगळं त्याच वाटेने परत येणार आणि रोगी पुन्हा अंथरुणाला खिळणार. नेमका कोणत्या क्षणी हात सोडायचा, एवढीच त्या वैद्यकातली खरी विद्या. आणि बरा होत असलेल्या पोराचा हात सोडायला आई तयार होत नसेल, तर? बघा, इथे कथा आपली आपण सुरू झाली.

टाचणी आणि फुलपाखराची तक्रार करणाऱ्यांना माझं एवढंच सांगणं आहे, की टाचणीचा दोष सिद्धांताला देऊ नका. अर्धवट सिद्धांत रुक्ष वाटतो, कारण तो कशालाच मनाई करत नाही, नुसते परिच्छेद वाढवतो. मात्र एक गोष्ट मला मान्य करायलाच हवी. सिद्धांत सक्तीचा नाही. लोककथांमधल्या जादूला कुठे सिद्धांत असतो? पण नियम असतात, आणि ते कमालीचे कडक. वर तीनच मिळतील. मागे वळून पाहायचं नाही. कोंबडा आरवला की संपलं. का, ते कुणी विचारत नाही आणि कुणी सांगत नाही. मानववंशशास्त्रज्ञ जेम्स फ्रेझरने एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस जगभरच्या जादूटोण्यांची छाननी करून त्यामागे दोन समजुती दाखवल्या: सारख्याचा सारख्यावर परिणाम होतो, आणि एकदा स्पर्श झालेल्या वस्तूंमधलं नातं तुटत नाही. या दोन समजुतींवर पोसलेल्या कथा हजारो वर्षं टिकल्या आहेत. तेव्हा ज्याला 'का' नको आहे त्याने खुशाल देऊ नये. पण ज्याने 'अनुनाद' हा शब्द उच्चारला, त्याने 'का'चा दरवाजा स्वतःच्या हाताने उघडला आहे. मग वाचक आत डोकावला तर त्याच्यावर चिडायचं कारण नाही.

आता जरा आडवाट. अनुनादाचा मोह फक्त आम्हा गोष्टी लिहिणाऱ्यांना होतो असं नाही. अमेरिकेतला टाकोमा नॅरोज पूल १ जुलै १९४० रोजी खुला झाला आणि ७ नोव्हेंबरला ताशी अवघ्या ६८ किलोमीटरच्या आसपासच्या वाऱ्यात पिळवटून कोसळला. त्याचं चित्रीकरण उपलब्ध आहे, आणि पुढची कित्येक दशकं पाठ्यपुस्तकांनी ते 'अनुनादाचं उदाहरण' म्हणून मुलांना दाखवलं. वाऱ्याचे झोत पुलाच्या सुराशी जुळले, म्हणे. १९९१ साली बिल्ला आणि स्कॅनलन या दोन संशोधकांनी हे स्पष्टीकरण सपशेल चूक असल्याचं मांडलं. पूल पीळ खात होता सुमारे पाच सेकंदांत एकदा. त्या वाऱ्यात पुलामागे भोवरे सुटणार ते सेकंदाला साधारण एक या गतीने. जुळणी कुठेच नव्हती. पुलाचं स्वतःचं पिळणंच वाऱ्याकडून जोर ओढून घेत होतं, आणि जेवढा पीळ जास्त तेवढा जोर जास्त. एकसारख्या वाहत्या वाऱ्यातून आपलं मरण पूल स्वतःच काढून घेत होता.

ही गोष्ट वाचल्यापासून मला वाटतं, की कल्पित दुनियेतल्या सिद्धांताला चुकण्याचा अधिकार असला पाहिजे. आपण लेखक सिद्धांत मांडतो तो आकाशवाणीसारखा: म्हाताऱ्या गुरूने सांगितलं, संपलं. खऱ्या विद्येचा कारभार असा नसतो. तिथे गुरुकुलात शंभर वर्षं 'अनुनाद, अनुनाद' म्हणून शिकवलं जातं आणि एखादी शिष्या आकडे मोजून म्हणते, जुळत नाहीये. मग भांडणं, बहिष्कार, आणि शेवटी कुणीतरी एक परीक्षा सुचवतो.

परीक्षा कशी असते याचे दोन नमुने इतिहासात आहेत, आणि दोन्ही मला कुठल्याही जादूच्या द्वंद्वापेक्षा थरारक वाटतात. अठराव्या शतकात मेस्मर या वैद्याच्या अनुयायांचा दावा होता की एक अदृश्य चुंबकी प्रवाह माणसांतून आणि झाडांतूनही खेळवता येतो. १७८४ साली फ्रान्सच्या राजाने नेमलेल्या आयोगात बेंजामिन फ्रँकलिन होते, रसायनशास्त्रज्ञ लाव्हाझिए होते. फ्रँकलिन यांच्या पॅरिसजवळच्या पासी इथल्या बागेत एका झाडात हा प्रवाह 'भरला' गेला आणि बारा वर्षांच्या एका मुलाला डोळे बांधून झाडाझाडाशी नेलं. भारलेल्या झाडापर्यंत तो पोचलाच नाही. चौथ्याच कुठल्यातरी साध्या झाडापाशी तो बेशुद्ध पडला. त्याचं पडणं ढोंग नव्हतं. झाड तेवढं चुकीचं होतं.

दुसरा नमुना उलटा. ताऱ्यांच्या पोटात हेलियमपासून कार्बन पुरेशा प्रमाणात तयार कसा होतो, हे गणितात बसत नव्हतं. १९५३ साली खगोलशास्त्रज्ञ फ्रेड हॉईल अमेरिकेतल्या कॅलटेक या संस्थेतल्या प्रयोगकर्त्यांना सांगत सुटला, की कार्बनच्या अणुगर्भात एका विशिष्ट ऊर्जेला अनुनाद असलाच पाहिजे, नाहीतर आपण इथे नसतो. ऐकणाऱ्यांना आधी ते विक्षिप्त वाटलं. तरीही मोजलं. सुमारे ७६.५ लाख इलेक्ट्रॉन व्होल्टवर (हे अणुपातळीवरची ऊर्जा मोजायचं एकक) तो सापडला. इथे 'अनुनाद' हा शब्द एका आकड्याला बांधलेला होता. तिथे पाहिलं आणि काही नसतं, तर हॉईल तोंडघशी पडला असता. हा जो तोंडघशी पडण्याचा धोका, तो आपल्या कथांमधल्या महागुरूंना कधीच नसतो, आणि म्हणून ते इतके कंटाळवाणे होतात.

एक आक्षेप उरतो, आणि तो साहित्याबाहेरचा आहे. अशा कथांमुळे अंधश्रद्धा बळावते, पोरांना खरं-खोटं कळेनासं होतं, असं काही जण कळकळीने म्हणतात. त्यांची कळकळ खरी आहे, पण पत्ता चुकलेला आहे. कादंबरी मुखपृष्ठावरच कबूल करते की मी थाप आहे. कबुली देत नाहीत ते वेगळेच. पृथ्वी आणि आयनांबर, म्हणजे वातावरणाचा वरचा विद्युतभारित थर, यांच्यामधल्या पोकळीत विजांमुळे विद्युतचुंबकीय लहरी घुमतात. १९५२ साली शुमान या जर्मन पदार्थवैज्ञानिकाने त्यांचं भाकीत केलं, आणि त्यातली सगळ्यांत खालची वारंवारता ७.८३ हर्ट्‌झच्या, म्हणजे सेकंदाला तेवढ्या कंपनांच्या, आसपास असते. खरी, मोजलेली, सुंदर गोष्ट. प्रकाश सेकंदात पृथ्वीला साडेसात प्रदक्षिणा घालू शकतो, या लहरी त्याचीच भावंडं. आता हाच आकडा 'पृथ्वीच्या हृदयाचा ठोका' म्हणून पेंडंटांवर, गाद्यांवर आणि ध्यानाच्या ॲपवर छापला जातो. तुमच्या मेंदूचा सूर पृथ्वीशी जुळवून देतो, म्हणे. किती वेळात जुळतो? न जुळल्याचं कसं ओळखायचं? त्या लहरी इतक्या क्षीण आहेत की त्या पकडायलाच खास उपकरणं लागतात, मग आड येणाऱ्या कोलाहलाचं काय? विक्रेत्याकडे उत्तर नसतं, पण त्याची वस्तू कपाटात जात नाही, माझी कादंबरी मात्र गेली.

म्हणून मला उलट वाटतं, की ज्या पोराने कल्पित दुनियेतल्या जादूगाराला 'किती वेळ?' असं विचारायची सवय लावून घेतली आहे, ते पेंडंटवाल्यालाही तेच विचारेल. अर्थात हे माझं वाटणं आहे, मी काही मोजून पाहिलेलं नाही.

तिसरं प्रकरण मी पुन्हा लिहिलं. मुलगी आता नऊ रात्री दरवाजासमोर बसते. रात्रीच का, तर दिवसा उन्हाने पोलाद तापतं आणि सूर किंचित उतरतो, तो सतत बदलत राहतो. पहिल्या चार रात्री काहीच होत नाही. पाचव्या रात्री कडीवर साचलेली धूळ थरथरते. पहारेकऱ्यांना वाटतं वारा असेल. कागद घेऊन मी पुन्हा मित्राकडे गेलो. त्याने चष्मा पुसला, सावकाश वाचलं. बराच वेळ गप्प होता.

मग म्हणाला, "ठीक आहे. पण दरवाजाच्या आतल्या बाजूला, त्या पहारेकऱ्याच्या घरात, तू एक काशाची घंटा टांगली आहेस पहिल्या प्रकरणात. आठवतंय? तिचा सूर कोणता?"